भोंगा, गजर आणि उशीखालची थरथर

१२ एप्रिल १८६७ रोजी सकाळी पावणेसातला विरारहून एक गाडी मुंबईकडे निघाली. बीबीसीआय रेल्वेची, म्हणजे आजच्या पश्चिम रेल्वेची, ही पहिली उपनगरी गाडी. दिवसातून एकदाच जायची आणि संध्याकाळी साडेपाचला बॅक बे स्थानकातून परत फिरायची. वाटेतल्या स्थानकांची तेव्हाची नावं आज चटकन ओळखूही येणार नाहीत. नालासोपारा म्हणजे नीला, वसई म्हणजे बसीन, गोरेगावला पहाडी, अंधेरीला अंदारू. वसईच्या खाडीतल्या बेटावर पांजे नावाचं एक स्थानक होतं, ते पुढे वेळापत्रकातून कायमचंच गेलं.

गोखिवरे हे तेव्हा वसईच्या पूर्वेचं, तुंगारेश्वराच्या डोंगराखालचं गाव. तिथल्या कुणाला ही गाडी धरायची असेल तर बांधाबांधानं चालत वसईचं स्थानक गाठायला हवं. चुकली तर दुसरी गाडी उद्या. घरात घड्याळ नाही, गावात घड्याळाचा टॉवर नाही. एप्रिलात त्याचं फारसं अडलं नसतं. मुंबईच्या स्थानिक वेळेनं त्या दिवसांत पावणेसहाच्या सुमारास सूर्य उगवतो, तेव्हा उजाडल्यावर उठूनही गाडी मिळाली असती. पौषात मात्र सूर्योदयच साडेसहाच्या सुमाराला. गाडी काही सूर्यासाठी थांबायची नाही.

सूर्य आणि वेळापत्रक यांच्यातलं हे अंतर पुढच्या शंभर वर्षांत वाढतच गेलं. ते भरून काढायला टॉवरची घंटा आली, गिरणीचा भोंगा आला, उशाशी टाइमपीस आला. तिघांचीही सगळी भिस्त माणसाच्या कानावर. ज्याला ऐकू येत नाही, किंवा ज्याची झोप आवाजाला जुमानत नाही, त्याच्यापर्यंत पोचणारं यंत्र घरोघरी यायला एकविसावं शतक उजाडलं.

त्याआधी जागं होण्याची व्यवस्था माणसांच्या हाती होती. वेळ मोजायला घटिकापात्र असे. तांब्याची वाटी, तिच्या बुडाला बारीकसं भोक. पाण्यावर सोडली की हळूहळू भरत चोवीस मिनिटांनी बुडे. एक बुडी म्हणजे एक घटिका, अहोरात्रीच्या साठ घटिका. लग्नघरात मुहूर्त साधायला हे पात्र लावत, दरबारात आणि मोठ्या देवळांत घटिका मोजून टोल देणारा माणूस बसलेला असे. सामान्य घरात यातलं काही नव्हतं. कोंबडा, शुक्राची चांदणी आणि जात्याची घरघर एवढ्यावर पहाट कळे. मोरपिसांची टोपी घालून चिपळ्या वाजवत वासुदेव दारावरून जाई. कार्तिकात काकडआरतीची घंटा ऐकू येई.

उत्तर कोकणच्या किनाऱ्यावर या आवाजांत आणखी एकाची भर पडली. १५३४ च्या तहानं वसई पोर्तुगिजांकडे गेली आणि पुढची दोनशे वर्षं किल्ल्यात आणि आसपासच्या गावांत चर्चच्या घंटा वाजत राहिल्या. कॅथलिक रिवाजाप्रमाणे सकाळ, दुपार, संध्याकाळ अशा तीन वेळा प्रार्थनेची घंटा व्हायची. शेतात राबणाऱ्याला, मग तो कुठल्याही धर्माचा असो, ती ऐकू यायची. गावाला ऐकू जाणारी आणि ठरल्या वेळी वाजणारी सार्वजनिक खूण, ही कल्पना वसईकरांना रेल्वेच्या फार आधीपासून माहीत होती.

मे १७३९ मध्ये चिमाजी अप्पांच्या फौजेनं वसईचा किल्ला घेतला. अनेक महिन्यांच्या वेढ्यानंतर मिळालेला हा विजय मराठ्यांना फार महागात पडला होता आणि त्याच्या खुणा दूरवर नेल्या गेल्या. वसईच्या चर्चमधल्या घंटा देवळांना अर्पण झाल्या. भीमाशंकरच्या देवळासमोर अशीच एक घंटा आहे. वाईजवळ मेणवलीला, नाना फडणवीसांच्या वाड्यामागे कृष्णेच्या घाटावर जी घंटा टांगलेली आहे, तिच्यावर १७०७ हे साल आणि बाळ येशूला घेतलेल्या मेरीची आकृती आहे. नाशिकला पंचवटीत नारोशंकराच्या देवळाच्या कोटावरची घंटा १७२१ ची. ज्या घंटांनी वसईच्या ख्रिस्ती शेतकऱ्याला उठवलं, त्याच पुढे घाटावरच्या भाविकांच्या ओळखीच्या झाल्या. वसईच्या चर्चमध्ये नंतर दुसऱ्या घंटा आल्या आणि त्या आजही वाजतात.

या जुन्या व्यवस्थेत ऐकू न येणाऱ्या माणसाचं फार अडत नव्हतं, हे इथेच नोंदवायला हवं. त्याला आई किंवा भाऊ खांद्याला धरून हलवत असे. शेतीच्या कामाला पाच मिनिटं मागेपुढे झाली तरी कुणी खाडा लावत नव्हतं. अडचण आली ती कामाचं फाटक ठरावीक मिनिटाला बंद होऊ लागल्यावर.

ते मिनिट कुणाच्या घड्याळातलं, यावरून आधी मोठा गोंधळ झाला. मुंबईची स्थानिक वेळ ग्रिनिचच्या ४ तास ५१ मिनिटं पुढे होती. रेल्वेचा कारभार मात्र मद्रासच्या वेळेवर चाले आणि ती मुंबईहून सुमारे अर्धा तास पुढे. घरचं घड्याळ बिनचूक असलं तरी त्याच्या भरवशावर निघालेल्या माणसाची गाडी सुटलेली असायची. १८८१ मध्ये गव्हर्नर जेम्स फर्ग्युसन यांनी मुंबईच्या सरकारी कचेऱ्यांना मद्रास वेळ लावली तेव्हा शहर चिडलं. दोन वर्षांतच सरकारला तो हुकूम मागे घ्यावा लागला.

या वादाच्या मधोमध विद्यापीठाचा राजाबाई टॉवर उभा होता. तो १८७८ मध्ये पुरा झाला. कापसाच्या व्यापारात अफाट पैसा मिळवलेल्या प्रेमचंद रायचंद यांनी त्यासाठी दोन लाख रुपये दिले आणि टॉवरला आपल्या आईचं नाव दिलं. राजाबाई अंध होत्या, जैन धर्माप्रमाणे सूर्यास्तापूर्वी जेवण व्हायला हवं म्हणून टॉवरचे टोल ऐकून त्या वेळ ओळखत, असं सांगतात. कथा खरी असो वा नंतर रचलेली, त्या काळाचा विचार तिच्यात नेमका दिसतो. डोळ्यांनी न दिसणाऱ्या माणसापर्यंत वेळ पोचवायची तर ती वाजवली पाहिजे, हे शहराला सुचलं होतं. टॉवरजवळ राहूनही टोल न ऐकणारी माणसं होती, ती कुणाच्या हिशेबात नव्हती.

१ जानेवारी १९०६ पासून भारतीय प्रमाणवेळ लागू झाली. ग्रिनिचच्या साडेपाच तास पुढे, म्हणजे मुंबईच्या वेळेहून ३९ मिनिटं पुढे. साहेबाच्या कचेरीत हा कागदावरचा बदल होता. गिरणीत मात्र त्याचा अर्थ असा, की कामाला तोच आकडा ठेवला तर सूर्याच्या हिशेबानं ३९ मिनिटं आधी अंथरूण सोडायचं, तेही ऐन थंडीत. त्याच महिन्यात जेकब ससून गिरणीच्या कामगारांनी नव्या वेळेनं काम करायला नकार दिला, दगडफेकही झाली. घड्याळाविरुद्ध दगड उचलण्याची ही घटना वसाहतीच्या इतिहासात गाजलेली आहे. मुंबई महापालिकेनंही जुनी वेळ सोडली नाही. तिच्या घड्याळांत ‘मुंबई टाइम’ स्वातंत्र्यानंतरही काही काळ चालू होता.

गिरणीकामगाराला वेळेचं एवढं का लागलं होतं? कावसजी नानाभाई दावर यांनी १८५४ मध्ये मुंबईत पहिल्या कापड गिरणीचा पाया घातला. पुढच्या तीस वर्षांत परळ, लालबाग, चिंचपोकळी, भायखळा या भागात धुराडी उभी राहिली. दिवे नसल्यानं काम उजेडावर चाले. झुंजूमुंजू झालं की यंत्र सुरू, दिसेनासं झालं की बंद. हिवाळ्यात दिवस लहान म्हणून काम कमी, उन्हाळ्यात चौदा तासांपर्यंत. १८८४ च्या सप्टेंबरात नारायण मेघाजी लोखंडे यांनी परळला कामगारांच्या सभा भरवल्या आणि साडेपाच हजार सह्यांचं निवेदन तयार झालं. रविवारची सुट्टी आणि दुपारी अर्ध्या तासाची विश्रांती या मागण्या सर्वांना आठवतात. त्याच निवेदनातली आणखी एक मागणी कामाच्या तासांची होती. काम सकाळी साडेसहाला सुरू व्हावं आणि सूर्यास्ताला थांबावं. उठण्याची वेळ ठरलेली असावी, ती सूर्यावर आणि मुकादमाच्या मर्जीवर सोडू नये, असं मागणारा हा आपल्याकडचा बहुधा पहिला संघटित आवाज. रविवारची सुट्टी १० जून १८९० ला मिळाली. तासांना मर्यादा यायला अजून वेळ होता.

विसाव्या शतकाच्या सुरुवातीला गिरण्यांत वीज आली आणि सूर्याचा उरलासुरला अधिकारही संपला. दिव्याखाली पंधरा तास काम घेतलं जाऊ लागलं. १९११ च्या कायद्यानं कापड गिरण्यांत दिवसाला बारा तासांची मर्यादा घातली, १९२२ मध्ये ती अकरावर आली, १९३४ मध्ये दहावर. तास कमी झाले तशा पाळ्या वाढल्या. पुढे तीन पाळ्यांचं चक्र रूढ झालं, सकाळी सातपासून दुपारी साडेतीन, तिथून मध्यरात्र, आणि मध्यरात्रीपासून पुन्हा सकाळ. एकाच खोलीत एकाची झोप संपते तेव्हा दुसऱ्याची सुरू होते, अशी माणसं चाळींतून राहू लागली. वळकटीही दोघांत एक.

या सगळ्यांना हाकारणारा आवाज म्हणजे भोंगा. बॉयलरची वाफ शिट्टीतून सोडली की तो आवाज चाळींच्या भिंती ओलांडून जाई. गिरणगावात वाढलेल्यांना आपल्या गिरणीचा भोंगा शेजारच्या गिरणीच्या भोंग्यातून वेगळा ओळखता यायचा. खानावळवाली बाई त्यावर चूल पेटवायची, शाळेतली मुलं त्यावर उठायची, पाळी नसलेला माणूस कूस बदलायचा. ज्याच्याकडे घड्याळ नाही त्यालाही वेळ फुकट मिळत होती. तिच्यातून सुटकाही नव्हती. रातपाळी करून नुकताच पाठ टेकलेल्या कामगाराची झोप दुसऱ्याच्या पाळीसाठी मोडायची.

ज्या गिरणीनं आवाज देऊन उठवलं, तिनंच हळूहळू अनेकांचे कानही नेले. साचाखात्यात, म्हणजे मागांच्या खात्यात, शेकडो धोटे एकाच वेळी आपटत असतात. माग चालू असलेल्या खात्यांत आवाजाची पातळी ९५ डेसिबलच्या वर जाते. आठ तासांसाठी ९० ही मर्यादा मानली जाते, हे लक्षात घेतलं की बाकीचं उमगतं. खात्यात बोलणं ऐकू येत नसल्यानं कामगार हातवारे आणि ओठांची हालचाल यांवर काम भागवत. लँकेशायरच्या विणकर बायकांनी तर याची एक पक्की भाषाच बनवली होती. अशा गोंगाटानं येणारा बहिरेपणा एका रात्रीत येत नाही. आधी चार हजार हर्ट्झच्या आसपासचे, म्हणजे वरच्या पट्टीतले आवाज जातात. माणसाला बोलणं ऐकू येतं, पण शब्दांच्या कडा पुसट होतात. हा आजार आज कायद्यानं नोंदवायच्या व्यावसायिक रोगांच्या यादीत आहे. गिरण्यांच्या भरभराटीच्या काळात मात्र ‘वयानं कमी ऐकू येतं’ म्हणून तो घरातच खपून जायचा.

दरम्यान युरोप-अमेरिकेत उठवण्याचं काम खासगी यंत्राकडे चाललं होतं. अमेरिकेतल्या न्यू हॅम्पशायरमध्ये लेव्ही हचिन्स या घड्याळजीनं १७८७ मध्ये स्वतःसाठी गजराचं घड्याळ बनवलं. ते पहाटे चारलाच वाजायचं, दुसरी वेळ लावायची सोयच नव्हती. हचिन्सला दुसरी वेळ नकोच होती. हवी ती वेळ लावता येणाऱ्या गजराचं पेटंट १८४७ मध्ये अंत्वान रेदिए या फ्रेंच माणसानं घेतलं. १८७६ मध्ये अमेरिकेतल्या सेथ थॉमस कंपनीनं उशाशी ठेवता येईल अशा छोट्या गजराच्या घड्याळाचं पेटंट मिळवलं आणि ते कारखान्यात हजारांनी बनू लागलं.

गाढ झोपणाऱ्यांचा प्रश्न त्या काळच्या कारागिरांना चांगलाच ठाऊक होता. १८५१ च्या लंडनच्या महाप्रदर्शनात एक गजराचा पलंग मांडला होता. वेळ झाली की पलंग कलंडायचा आणि झोपलेला माणूस जमिनीवर. विनोदी वाटतं, पण तत्त्व अचूक होतं. कानाला जाग येत नसेल तर अंगाला आणा. इंग्लंडातल्या गिरण्यांच्या गावांत तेच तत्त्व स्वस्तात वापरलं जाई. ‘नॉकर-अप’ नावाचे लोक आठवड्याला काही पेनी घेऊन पहाटे लांब काठीनं वरच्या मजल्याच्या काचेवर टकटक करत. लंडनच्या ईस्ट एंडमध्ये मेरी स्मिथ नावाची बाई नळीतून वाटाणे फुंकून खिडकीवर मारायची, तिचा फोटोही प्रसिद्ध आहे. काही गिऱ्हाइकं पायाच्या अंगठ्याला दोरी बांधून तिचं टोक खिडकीबाहेर सोडून झोपत. न ऐकणाऱ्यालाही हा उपाय लागू पडला असता.

आपल्या महाकाव्यकारांनी हे फार आधी लिहून ठेवलं होतं. वाल्मीकींच्या युद्धकांडात कुंभकर्णाला उठवायला राक्षस शंख फुंकतात, नगारे बडवतात, कानाशी ओरडतात. काही होत नाही. शेवटी हजार हत्ती अंगावरून धावतात तेव्हा त्याला स्पर्श जाणवतो आणि तो उठतो. नाद हरला, स्पर्श जिंकला. घरात उशिरा उठणाऱ्याला कुंभकर्ण म्हणणाऱ्या किती जणांना हा तपशील ठाऊक असेल?

मराठी घरात गजराचं घड्याळ आलं ते ‘टाइमपीस’ म्हणून. सुरुवातीला परदेशी, मागवलेलं किंवा भेट मिळालेलं. माथ्यावर दोन वाट्या, मध्ये ठोका, मागे दोन किल्ल्या, एक चालण्याची आणि एक गजराची. झोपण्याआधी किल्ली देणं हे घरातल्या एकाचं ठरलेलं काम असे. दहावीच्या परीक्षेला, गावी जाणाऱ्या पहाटेच्या एसटीला, पहिल्या पाळीला अलार्म लावला जाई. झोप गाढ असेल तर टाइमपीस स्टीलच्या परातीत ठेवायचा, म्हणजे परातीसकट थडथडतो. या घरगुती युक्तीत आवाज वाढतोच, शिवाय खालच्या पट्टीची घरघरही मिसळते, आणि ती घरघर कामाची होती हे पुढे प्रयोगांनी दाखवलं.

एचएमटीनं १९६१ मध्ये जपानच्या सिटिझन कंपनीच्या मदतीनं बंगळुरूला मनगटी घड्याळं बनवायला सुरुवात केली आणि वेळ मध्यमवर्गाच्या हातावर आली. पुढे क्वार्ट्झचं तंत्र आलं. गुजरातेत मोरबीच्या अजंतासारख्या कारखान्यांनी भिंतीवरचं घड्याळ आणि टेबलावरचा गजर इतका स्वस्त केला की चाळीतल्या प्रत्येक खोलीत तो पोचला. या नव्या गजरात घंटा नव्हती. सेलवर चालणारी चिमुकली चकती ‘टी-टी-टी-टी’ करायची. ती बहुधा दोन ते चार हजार हर्ट्झच्या पट्टीत वाजते, कारण लहान चकतीतून मोठा आवाज तिथेच स्वस्तात निघतो.

आता हे गिरणीशी जोडून पाहा. १८ जानेवारी १९८२ ला दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली सुमारे अडीच लाख गिरणीकामगार संपावर गेले. संप अधिकृतपणे कधी मागे घेतला गेला नाही, आणि बहुतेक गिरण्या पुन्हा पूर्वीसारख्या चालल्या नाहीत. भोंगे थांबले. गिरणगावात जागा परवडेनाशी झाली तशी हजारो कुटुंबं पश्चिम रेल्वेनं उत्तरेकडे सरकली. नालासोपारा, विरार, वसई. माग भिवंडीच्या पॉवरलूमच्या शेडमध्ये गेले होतेच, आणि चिंचोटी-कामण रस्त्यानं भिवंडी वसईच्या पूर्वेला जोडलेली आहे. गोखिवरे, सातिवली, वालिव या गावांच्या शेतजमिनींवर औद्योगिक गाळे उभे राहिले. पंचवीस-तीस कामगारांचा एक गाळा स्वतःचा भोंगा कशाला ठेवेल? प्रत्येकानं आपलं आपण उठायचं होतं.

आणि ज्यांचे कान साच्यांनी नेले होते, त्यांच्या उशाशी नेमका त्याच पट्टीत वाजणारा गजर आला, जी पट्टी त्यांना ऐकू येत नव्हती. म्हातारपणानं येणाऱ्या बहिरेपणातही हेच होतं, वरचे स्वर आधी जातात. आजोबांना शेजारच्या खोलीतलं बोलणं ऐकू येतं आणि कानाजवळचं घड्याळ ऐकू येत नाही, यात सोंग काही नसतं. जुन्या टाइमपीसच्या पितळी घणघणाटात खालचे स्वरही असत. स्वस्ताईच्या नादात ते गेले.

याचा पुरावा घड्याळवाल्यांनी नाही, आगीच्या अभ्यासकांनी गोळा केला. मेलबर्नच्या व्हिक्टोरिया विद्यापीठात डॉरथी ब्रक आणि इयन थॉमस यांनी झोपलेल्या माणसांवर धुराच्या गजराचे प्रयोग केले. बाजारात मिळणाऱ्या गजराचा आवाज तीन हजार हर्ट्झच्या आसपासचा. कमी ऐकू येणाऱ्यांपैकी कितीतरी जण त्याच्यात झोपून राहिले. ५२० हर्ट्झचा, भसाडा, चौकोनी लहरींचा आवाज लावला तेव्हा जागे होणाऱ्यांचं प्रमाण खूपच वाढलं. लहान मुलंही नेहमीच्या गजराला उठत नाहीत हे ब्रक यांनी आधीच दाखवलं होतं. गाढ झोपेत मेंदू कानाकडून आलेली बरीच बातमी आत सोडत नाही, आणि मुलांत ही गाढ झोप सर्वांत जास्त. या कामानंतर अमेरिकेच्या अग्निसुरक्षा संहितेत झोपायच्या खोल्यांसाठी ५२० हर्ट्झच्या गजराची अट आली. आवाज वाढवत नेण्यापेक्षा त्याची पट्टी उतरवणं जास्त उपयोगी ठरलं. गजर मोठा हवा म्हणून दुकानदाराशी वाद घालणाऱ्या गिऱ्हाइकाला हे कुणी सांगत नाही.

पूर्ण बहिरेपण असलेल्यांना मात्र पट्टी बदलून काय मिळणार? मुंबईत माझगावला बिशप लिओ म्यूरिन यांच्या पुढाकारानं १८८० च्या दशकात मूकबधिरांसाठी शाळा सुरू झाली. देशातली ही अशी पहिली शाळा. अशा शाळांच्या वसतिगृहांत मुलांना उठवायची पद्धत जगभर सारखीच आहे, दिवा लावायचा-विझवायचा किंवा पलंग हलवायचा. एकटं राहणाऱ्यानं काय करायचं, हा प्रश्न शाळा सुटल्यावर यायचा. परदेशात गजराच्या घड्याळाला टेबललॅम्प जोडून तो उघडझाप करवणारी, गादीखाली मोटर फिरवणारी यंत्रं निघाली. त्या मोटरची रचना साधी आहे. आसावर एका बाजूला झुकलेलं वजन बसवलेलं असतं, ते फिरलं की सगळी डबी थरथरते. आपल्या जाड कापसाच्या गादीखाली ती डबी ठेवली तर थरथर कापसातच जिरते, म्हणून ती उशीखाली किंवा पलंगाच्या फळीला चिकटवून ठेवावी लागते.

हीच मोटर लहान होऊन पेजरमध्ये आणि मग मोबाइल फोनमध्ये बसली. सभेत आवाज नको म्हणून दिलेली सोय कर्णबधिरांच्या हाती पडली, आणि खास त्यांच्यासाठी बनवलेल्या कुठल्याही यंत्रापेक्षा ती जास्त पसरली. एसएमएसनं बोलणं आणि उशीखालच्या फोननं उठणं एकदमच आलं. घरच्या कुणावर अवलंबून न राहता पहाटेची गाडी धरता येऊ लागली. मुंबईत ध्रुव लाकरा यांनी सुरू केलेल्या मिरॅकल कुरिअर्समध्ये पाकिटं पोचवणारे कर्णबधिर तरुण शहरभर फिरू लागले ते याच काळात. अ‍ॅनेलीस कस्टर्स या स्वतः कर्णबधिर असलेल्या बेल्जियन मानववंशशास्त्रज्ञ मुंबईत राहिल्या आणि २००९ मध्ये त्यांनी लोकलच्या अपंगांसाठीच्या डब्यावर अभ्यास प्रसिद्ध केला. कर्णबधिर प्रवासी ठरावीक गाडीचा तोच डबा धरतात, गर्दीत हातांनी गप्पा मारतात, नोकरीची खबर, लग्नाची बोलणी, सगळं तिथे होतं. ठरलेली गाडी धरायची तर ठरलेल्या वेळी उठणं आलंच.

ऐकू येणाऱ्या झोपाळूंसाठीही शोध चालूच राहिले. १९५६ मध्ये जनरल इलेक्ट्रिकनं स्नूझचं बटण आणलं आणि उठण्याचा निर्णय काही मिनिटांनी पुढे ढकलण्याची मुभा दिली. माझ्या मते गाढ झोपणाऱ्यांचं याएवढं नुकसान दुसऱ्या कुठल्या यंत्रानं केलेलं नाही. त्याला उत्तर म्हणून एमआयटीत शिकणाऱ्या गौरी नंदा यांनी ‘क्लॉकी’ बनवलं. हे चाकांचं घड्याळ वाजत वाजत टेबलावरून उडी मारून पळतं आणि त्याला शोधायला अंथरुणातून उठावंच लागतं. २००५ मध्ये त्याला गमतीदार संशोधनासाठी दिलं जाणारं इग नोबेल मिळालं. २०११ चं रसायनशास्त्राचं इग नोबेल जपानी संशोधकांना मिळालं. त्यांनी कर्णबधिरांना आगीच्या वेळी उठवण्यासाठी हवेत वसाबीचा तिखट वास सोडायचं यंत्र केलं होतं. फोडणीच्या ठसक्यानं जागं होणाऱ्या मराठी घराला यात नवल वाटायचं कारण नाही.

२०११ च्या जनगणनेत भारतात सुमारे ५० लाख लोकांनी श्रवणदोष नोंदवला. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यानुसार दोन्ही कानांत ७० डेसिबलची हानी म्हणजे बहिरेपण, आणि ६० ते ७० म्हणजे कमी ऐकू येणं. म्हणजे साच्यांनी किंवा वयानं कान उतरलेले, पण मर्यादेच्या अलीकडे राहिलेले असंख्य लोक या कायद्याच्या व्याख्येत बसतच नाहीत, आणि पहाटे गजर ऐकू न येणाऱ्यांत त्यांचीच संख्या मोठी. केंद्र सरकारची एडिप ही साहित्यवाटपाची योजना १९८१ पासून चालू आहे. तिच्या नियमांत कर्णबधिरांना द्यायच्या वस्तूंत टेलिफोन, टीव्ही, दाराची घंटा आणि ‘वेळेचा गजर’ कळवणाऱ्या साधनांचा स्पष्ट उल्लेख आहे. शिबिरांत लोकांच्या हाती पडतं ते प्रामुख्यानं श्रवणयंत्र, आणि ते झोपताना काढून डबीत ठेवायचं असतं.